अणुकचरा अवकाशात का फेकून देत नाहीत? वारंवार विचारले जाणारे प्रश्न

तारापूर, जैतापूर किंवा कैगा इथल्या अणुवीज प्रकल्पाची बातमी आली की हा प्रश्न हमखास येतो. चंद्रावर यान उतरवतो, मग तो कचरा एकदाचा वर नेऊन का टाकत नाही? विचारणाऱ्यांत नववीतली मुलं असतात, निवृत्त इंजिनियर असतात आणि प्रकल्पाला वैतागलेले गावकरीही असतात. प्रश्न हसण्यावारी नेण्यासारखा नाही. १९७०च्या दशकात आणि १९८०च्या सुरुवातीला नासाने यावर रीतसर अभ्यास केले होते. पुन्हा पुन्हा आलेले प्रश्न इथे एकत्र केले आहेत. एका उत्तरात आलेला मुद्दा दुसरीकडे लागला, तर तिथे फक्त प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. अणुकचरा म्हणजे नेमकं काय? पिंपात भरलेला हिरवा चकाकणारा द्रव का?

ते व्यंगचित्रांतलं. अणुवीज केंद्राचा सगळ्यात घातक कचरा म्हणजे वापरून झालेलं इंधन, आणि ते घन असतं. भारतातल्या २२० मेगावॉटच्या जड पाण्याच्या भट्टीत युरेनियम ऑक्साइडच्या गोळ्या भरलेल्या १९ नळ्यांचा जुडगा वापरतात. तो अर्धा मीटर लांब असतो आणि त्याचं वजन साधारण १६ किलो भरतं. कोरा जुडगा हातमोजे घालून उचलता येतो. तोच भट्टीत वर्षभर राहून बाहेर आला की त्याच्या शेजारी काही मिनिटं उभं राहणंही जीवघेणं ठरतं. म्हणून तो यंत्राने काढतात आणि खोल पाण्याच्या टाकीत ठेवतात. त्या पाण्यात निळसर उजेड दिसतो. हिरवा नव्हे.

याशिवाय वापरलेले हातमोजे, गाळण्या, राळ, जुने पाइप असा सौम्य किरणोत्सारी कचराही असतो. आकारमानाने तोच सर्वांत जास्त, धोक्याने सर्वांत कमी. तो अवकाशात पाठवा असं कोणीच म्हणत नाही, त्यामुळे पुढे ‘कचरा’ म्हणजे वापरलेलं इंधन किंवा त्यातून वेगळा काढलेला जहाल भाग.

२. जगात असा कचरा आहे तरी किती?

अणुवीज सुरू झाल्यापासून जगभरच्या भट्ट्यांतून सुमारे ४ लाख टन वापरलेलं इंधन बाहेर पडलं आहे. त्यातल्या साधारण एक तृतीयांशावर पुनर्प्रक्रिया झाली, म्हणजे कामाचं युरेनियम-प्लुटोनियम काढून घेतलं गेलं, बाकीचं टाक्यांत आणि जाड पोलादी-काँक्रीटच्या पिपांत उभं आहे. दरवर्षी ढोबळमानाने १०,००० टनांची भर पडते.

औष्णिक केंद्राच्या राखेपुढे हा आकडा चिमूटभर वाटतो. रॉकेटच्या दृष्टीने मात्र तो प्रचंड आहे, आणि पुढची बरीचशी उत्तरं या विसंगतीतूनच निघतात.

३. सूर्यात का टाकत नाही? सूर्य तर जवळ येईल ते ओढून घेईल.

हा प्रश्न सर्वांत जास्त वेळा येतो, आणि त्याचं उत्तर सर्वांत अनपेक्षित आहे. सूर्यावर पोचणं हे सूर्यमालेबाहेर जाण्यापेक्षा अवघड आहे.

पृथ्वी सूर्याभोवती सेकंदाला जवळजवळ ३० किलोमीटर वेगाने फिरते, आणि इथून सोडलेली प्रत्येक वस्तू तो आडवा वेग जन्मतःच घेऊन निघते. धावत्या लोकलमधून खिडकीबाहेर सोडलेली बाटली सरळ खाली पडत नाही, गाडीबरोबर पुढे जात राहते, तसंच. वस्तू सूर्यात पडायची तर हा आडवा वेग जवळजवळ पूर्ण मारावा लागतो. सूर्याच्या पृष्ठभागाला नुसतं चाटून जायचं म्हटलं, तरी पृथ्वीच्या ओढीतून सुटल्यानंतर सेकंदाला २७ किलोमीटरच्या आसपास वेग उलट्या दिशेने द्यावा लागेल. सूर्यमालेच्या बाहेर कायमचं हाकलायला पृथ्वीच्या वेगात फक्त १२-१३ किलोमीटरची भर पुरते.

नासाचं पार्कर यान बघा. ऑगस्ट २०१८मध्ये ते डेल्टा-४ हेवी या त्या वेळच्या दांडग्या रॉकेटवरून निघालं. यानाचं वजन ७०० किलोच्याही आत. तरीही वेग कमी करायला त्याला शुक्राजवळून सात वेळा जावं लागलं. डिसेंबर २०२४मध्ये ते सूर्यापासून ६१ लाख किलोमीटरवर पोचलं. सूर्याच्या इतक्या जवळ माणसाने बनवलेली दुसरी कोणतीही वस्तू गेलेली नाही, आणि हीसुद्धा सूर्यात पडलेली नाही.

गुरूपर्यंत जाऊन त्याच्या ओढीने वेग मारून घ्यायचा आणि मग सूर्याकडे पडायचं, असाही मार्ग आहे. त्याला वर्षं लागतात आणि दर खेपेला नेम अचूक हवा. एका यानासाठी ते ठीक. हजारो खेपांची मालवाहतूक तशी चालवता येत नाही.

सूर्य ‘दूषित’ होईल का, असंही काहीजण विचारतात. नाही. सूर्याच्या वस्तुमानापुढे ४ लाख टन म्हणजे काहीच नाही. अडचण पोचण्याची आहे.

४. पण आपलं आदित्य एल-१ सूर्याकडे गेलंच की!

गेलं, पण पृथ्वीपासून फक्त १५ लाख किलोमीटर. सूर्य १५ कोटी किलोमीटरवर आहे, म्हणजे आदित्यने वाटेचा शंभरावा भाग कापला. शिवाय एल-१ हा बिंदू पृथ्वीबरोबरच सूर्याभोवती फिरतो, त्यामुळे प्रश्न ३ मधला आडवा वेग मारण्याची पाळीच येत नाही. बातम्यांत ‘सूर्याकडे झेप’ छापून आलं आणि गैरसमज पक्का झाला.

५. सूर्य राहू द्या. नुसतं पृथ्वीबाहेर नेऊन सोडलं तर?

कुठे सोडणार, यावर सगळं अवलंबून आहे. पृथ्वीभोवतीच्या खालच्या कक्षेत काहीशे किलोमीटरवर सोडलं, तर विरळ हवेच्या घर्षणाने ते काही वर्षांत किंवा दशकांत परत खाली येतं. म्हणजे कचऱ्याची नुसती जागा बदलली, आणि वाईट झाली. वरच्या कक्षेत जास्त टिकतं, पण तिथे उपग्रहांची आणि त्यांच्या तुकड्यांची आधीच गर्दी आहे.

नासाच्या अभ्यासांत सर्वांत व्यवहार्य ठरलेली जागा वेगळीच होती. पृथ्वी आणि शुक्र यांच्या मधली, सूर्याभोवतीची वर्तुळाकार कक्षा, पृथ्वी-सूर्य अंतराच्या ०.८५ पटीवर. पृथ्वीच्या ओढीतून सुटल्यावर तिकडे वळायला सेकंदाला सव्वा किलोमीटर आणि तिथे स्थिरावायला आणखी तेवढाच वेग पुरतो. २७च्या तुलनेत हे किरकोळ. स्पेस शटलने डबा खालच्या कक्षेपर्यंत न्यायचा, तिथून दुसऱ्या इंजिनाने पुढे ढकलायचा, असा तो बेत होता. कागदावर तो खरोखर बरा होता. बेत आखला तेव्हा शटल एकदाही उडालं नव्हतं, आणि ते आठवड्याला उडेल अशी सगळ्यांची समजूत होती.

६. खर्च किती येईल? रॉकेट तर आता स्वस्त झाली आहेत.

हिशेब मांडूनच पाहू. गृहीतकं माझी आहेत, आणि मी ती मुद्दाम उदार धरली आहेत.

स्पेसएक्स कंपनीचं फाल्कन हेवी रॉकेट पूर्ण ताकदीने मंगळाच्या दिशेने १६.८ टन पाठवू शकतं असं कंपनी सांगते. ०.८५च्या कक्षेलाही ढोबळमानाने तेवढंच धरू. यातलं निम्मं वजन संरक्षक आवरण, पेटी आणि शेवटच्या इंजिनाला गेलं असं समजा. प्रत्यक्षात याहून जास्त जाईल: जमिनीवर असं इंधन नेणारी पिपं शंभर टनांच्या घरात असतात आणि आत इंधन असतं जेमतेम दहा टन. तरी निम्मं धरू. म्हणजे एका उड्डाणात सुमारे ८ टन कचरा.

वर्षाला १०,००० टन पाठवायचे तर १,२५० उड्डाणं. २०२४ साली साऱ्या जगाने मिळून, सगळ्या प्रकारची धरून, कक्षेतली अडीचशेच्या थोडी वर उड्डाणं केली. हे फक्त नव्या कचऱ्याचं. जुनी थकबाकी वेगळी.

एका उड्डाणाला १५ कोटी डॉलर धरले, तर वर्षाला १८,७५० कोटी डॉलर, म्हणजे ८५ रुपयांच्या दराने सुमारे १६ लाख कोटी रुपये. जगातली अणुवीज वर्षाला साधारण २.६ लाख कोटी युनिट. भागाकार केला की युनिटमागे ६ रुपये, आणि तेही निव्वळ कचरा फेकण्याचे. घरच्या वीजबिलावर युनिटचा दर काय छापलाय तो बघा आणि त्यात हे मिळवा.

जवळचं उदाहरण हवं असेल तर जैतापूर. तिथे प्रस्तावित सहा भट्ट्या मिळून सुमारे १०,००० मेगावॉट. त्या पूर्ण चालल्या तर माझ्या अंदाजाने वर्षाला दीडशे टनांच्या आसपास वापरलेलं इंधन निघेल. म्हणजे एका प्रकल्पासाठी वर्षाला १९-२० अतिभारी उड्डाणं. आपलं एलव्हीएम-३ रॉकेट खालच्या कक्षेत सुमारे ८ टन नेतं, चांद्रयान-३ घेऊन गेलं तेव्हा वरचा भार ३.९ टन होता, आणि इस्रोची वर्षाची सगळी उड्डाणं हातांच्या बोटांवर मोजता येतात.

उद्या उड्डाण दहापट स्वस्त झालं तर? होऊही शकेल. मग युनिटमागे ६० पैसे. त्यामुळे खर्चाचा मुद्दा मी शेवटचा मानत नाही. त्याहून मोठा अडसर पुढच्या प्रश्नात आहे.

७. रॉकेट भरवशाची झाली आहेत. धोका असा कितीसा उरला?

१०० पैकी ९९ उड्डाणं यशस्वी झाली तर रॉकेट उत्तम समजलं जातं. उपग्रहाचा विमा त्यावर उतरवता येतो. पण वर्षाला १,२५० उड्डाणं आणि एक टक्का अपयश, म्हणजे वर्षाला बारा-तेरा अपघात, प्रत्येकात आठ टन वापरलेलं इंधन.

आणि अनुभवी रॉकेटही बिघडतात. पीएसएलव्ही हा इस्रोचा हुकमी घोडा. मे २०२५मध्ये सी-६१ मोहिमेत त्याच्या तिसऱ्या टप्प्याने दगा दिला आणि उपग्रह गेला. त्याच वर्षी जानेवारी आणि मार्चमध्ये स्पेसएक्सच्या स्टारशिप रॉकेटची दोन चाचणी-उड्डाणं वर जाताना फुटली, कॅरिबियन समुद्रावर जळते तुकडे पसरले आणि विमानांचे मार्ग बदलावे लागले. त्यात कचरा नव्हता, म्हणून लोकांनी व्हिडिओ काढले.

प्रक्षेपणस्थळावरचा स्फोट लोकांना सर्वांत भयंकर वाटतो. माझ्या मते तो त्यातल्या त्यात बरा. जागा ठाऊक असते, आजूबाजूला माणसं नसतात, पेटी शोधता येते. वाईट अपघात तो, ज्यात रॉकेट कक्षेत पोचतं पण पुढे जात नाही. मग डबा पृथ्वीभोवती फिरत राहतो आणि काही आठवड्यांनी किंवा महिन्यांनी खाली येतो. कुठे, ते शेवटच्या काही तासांपर्यंत कोणालाच नक्की सांगता येत नाही. श्रीहरिकोट्याहून बंगालच्या उपसागरावर सोडलं म्हणजे ते उपसागरातच पडेल, ही खात्री पहिल्या काही मिनिटांपुरतीच.

८. किरणोत्सारी वस्तू अवकाशातून खाली पडल्याचं खरंच घडलंय का?

घडलंय, एकापेक्षा जास्त वेळा.

एप्रिल १९६४मध्ये अमेरिकेचा ट्रान्झिट नावाचा उपग्रह कक्षेत पोचलाच नाही. त्यातल्या वीजसंचात सुमारे एक किलो प्लुटोनियम-२३८ होतं. परत येताना जळून वातावरणात विरून जावं, अशीच त्याची रचना होती, आणि तसंच झालं. त्या प्लुटोनियमचा अंश पुढे वर्षानुवर्षं जगभरच्या नमुन्यांत सापडत राहिला. यानंतर विचार उलटा झाला: जळू द्यायचं नाही, अखंड खाली आणायचं.

मे १९६८मध्ये निंबस बी-१ हा अमेरिकी उपग्रह कॅलिफोर्नियाहून उडताच नष्ट करावा लागला. त्याचे वीजसंच समुद्रतळावर शाबूत सापडले आणि आतलं इंधन पुन्हा वापरलं गेलं. एप्रिल १९७०मध्ये अपोलो-१३ कसंबसं परतलं. चंद्रावर ठेवायचा त्याचा संच ३.८ किलो प्लुटोनियमसह पॅसिफिकमध्ये टोंगाजवळच्या खोल गर्तेत गेला. गळती आढळली नाही.

आणि २४ जानेवारी १९७८. सोव्हिएत संघाचा कॉसमॉस-९५४ हा अणुभट्टी असलेला टेहळणी उपग्रह कॅनडाच्या वायव्य प्रदेशांवर कोसळला. बर्फाळ, जवळजवळ निर्मनुष्य मुलखात सुमारे ६०० किलोमीटरच्या पट्ट्यात तुकडे विखुरले. कॅनडा आणि अमेरिकेच्या पथकांनी ऐन हिवाळ्यात विमानांतून आणि पायी शोध घेतला, तरी भट्टीच्या गाभ्याचा अगदी थोडा भागच हाती लागला. कॅनडाने ६० लाख डॉलर मागितले. १९८१मध्ये सोव्हिएत संघाने ३० लाख दिले. त्या भट्टीत युरेनियम तीस ते पन्नास किलो होतं. आपण बोलतोय ते खेपेला आठ टनांबद्दल.

९. अपघातातही न फुटणारी पेटी का बनवत नाही?

बनवता येते. निंबसने ते दाखवलंच (प्रश्न ८). पण ती काही किलो इंधनाची पेटी होती. टनावारी कचऱ्याला स्फोट, आग, सेकंदाला आठ किलोमीटर वेगाने पुनर्प्रवेश आणि वर खडकावरची आदळ, हे सगळं सोसणारी पेटी हवी तर वजन बेसुमार वाढतं. जेवढी पेटी जड तेवढा कचरा कमी, तेवढी उड्डाणं जास्त, तेवढे अपघात जास्त. सुरक्षा वाढवायला जावं आणि धोक्याचे प्रसंगच वाढावेत, अशी ही गंमत आहे.

१०. शास्त्रज्ञ प्लुटोनियम भरलेली यानं पाठवतातच ना? मग कचऱ्यालाच विरोध का?

रास्त प्रश्न. मंगळावरच्या क्युरिऑसिटीत ४.८ किलो प्लुटोनियम डायऑक्साइड आहे. १९९७मध्ये शनीकडे निघालेल्या कॅसिनीत तर ते ३३ किलोच्या आसपास होतं आणि तेव्हा निदर्शनंही झाली होती. आपल्या चांद्रयान-३च्या प्रणोदन भागातही प्रत्येकी एक वॅटचे दोन छोटे किरणोत्सारी उष्णतासंच होते.

फरक प्रमाणाचा, रूपाचा आणि हेतूचा. प्रमाण किलोंत. रूप म्हणजे चिनी मातीसारखं कठीण इंधन, त्यावर इरिडियमचं कवच, त्यावर ग्राफाइट. आणि हेतू: शनीजवळ सूर्यप्रकाश इतका मंद असतो की दुसरा चांगला पर्यायच नव्हता. कचऱ्याला जमिनीवर पर्याय आहे. पर्याय असताना घेतलेली जोखीम आणि नसताना घेतलेली जोखीम एका तराजूत घालता येत नाही.

या वाटेवर थोडक्यात निभावल्याचं उदाहरणही आहे. गॅलिलिओ यान प्लुटोनियमसह मे १९८६मध्ये शटलमधून जायचं होतं. जानेवारीत चॅलेंजर हे शटल फुटलं. गॅलिलिओ अखेर १९८९मध्ये गेलं.

११. सगळा कचरा नको. फक्त सर्वांत वाईट भाग वेगळा काढून पाठवला तर?

या कल्पनेची सर्वांत दमदार बाजू हीच, म्हणून इथे जरा थांबू.

हलक्या, म्हणजे साध्या पाण्याच्या भट्टीतून निघालेल्या इंधनात साधारण ९५ टक्के युरेनियमच असतं, एक टक्क्याच्या आसपास प्लुटोनियम, आणि तीन-चार टक्के विखंडनातून, म्हणजे अणू फुटून झालेली मूलद्रव्यं. पुनर्प्रक्रिया करून ही तीन-चार टक्केच वेगळी काढली, तर वर्षाचे १०,००० टन ३००-४०० टनांवर येतात. प्रश्न ६च्याच हिशेबाने चाळीस-पन्नास उड्डाणं. आकडा लगेच शक्यतेच्या टप्प्यात येतो.

आणखी बारीक गाळायचं तर वेळ बघा. सीझियम-१३७ आणि स्ट्रॉन्शियम-९० यांचं अर्धायुष्य, म्हणजे निम्मं उरायला लागणारा काळ, तीसेक वर्षांचं. तीनशे वर्षांत ते हजारपट कमी होतात. त्यांना अवकाशात पाठवण्यात अर्थ नाही, तीनशे वर्षं आपण सांभाळू शकतो. खरी डोकेदुखी टेक्नेशियम-९९ आणि आयोडीन-१२९ यांची. पहिल्याचं अर्धायुष्य दोन लाख वर्षांच्या वर, दुसऱ्याचं दीड कोटीच्या वर, आणि दोन्ही भूजलाबरोबर सहज वाहतात. टनभर इंधनात टेक्नेशियम असतं किलोभराच्या आसपास, आयोडीन त्याहून कमी. एवढंच पाठवायचं तर मोजकी उड्डाणं पुरतील. नासासाठी झालेल्या शेवटच्या अभ्यासांत हा विचारही झाला होता.

मग अडलं कुठे? कचरा इतका गाळायला जे रासायनिक कारखाने लागतात, त्यांतून नवा कचरा निघतो: आम्लं, राळ, नळ्यांच्या टरफलांचा चुरा, दूषित यंत्रं. तो वर जात नाही. म्हणजे जमिनीखालचं भांडार तरीही बांधावंच लागतं. आणि एकदा ते चांगलं बांधलं, की अवकाशात पाठवून धोक्यात जी आणखी घट होते ती फारच थोडी, आणि तिच्यासाठी उड्डाणाची जोखीम नव्याने पत्करायची. हा व्यवहार जमत नाही. कचरा अवकाशात पाठवण्याइतका छोटा केला, की तो जमिनीतही सुखाने मावतो, हा या सगळ्या कल्पनेतला खरा पेच आहे. खर्च आणि स्फोट हे त्याच्यानंतरचे मुद्दे.

१२. चंद्रावर टाकलं तर? तिथे कोणी राहत नाही.

तिथे हवा नाही, म्हणजे हवाई छत्री चालत नाही. अलगद उतरवायचं तर उतरताना पुन्हा इंधन जाळावं लागतं, म्हणजे प्रत्येक खेप आणखी महाग. आदळवलं तर डबा सेकंदाला २.४ किलोमीटरच्या आसपास वेगाने फुटून पसरेल. आणि जिथे पुढे माणसं राहायला जायची भाषा चालू आहे, तिथे आधी उकिरडा करायचा?

१३. स्पेस एलिव्हेटर किंवा विद्युतचुंबकीय तोफ?

एलिव्हेटर म्हणजे अवकाशापर्यंत ताणलेल्या दोरावरून वर चढणारी लिफ्ट. तिला हवा तेवढा मजबूत आणि हजारो किलोमीटर लांब दोर बनवायची सामग्री आज नाही. तोफेतून सुटलेला डबा जमिनीजवळच्या दाट हवेत सेकंदाला ११ किलोमीटरने जाईल, म्हणजे परत येताना जो जाळ सोसायचा तो निघतानाच, आणि कितीतरी वाईट. पुढे मागे जमलं तर पुन्हा बोलू.

१४. आंतरराष्ट्रीय कायदा परवानगी देतो का?

१९६७च्या अंतराळ करारात अणुकचऱ्यावर थेट बंदी नाही. कक्षेत अण्वस्त्रं ठेवायला बंदी आहे, पण कचरा म्हणजे अस्त्र नव्हे. मात्र करारानुसार आपल्या अवकाशातल्या उद्योगांची जबाबदारी त्या त्या देशावर येते, आणि अवकाशाची घातक दूषितता टाळण्याचं बंधनही आहे. १९७२च्या दायित्व करारानुसार तर जमिनीवर झालेल्या नुकसानीची भरपाई चूक सिद्ध न करताही द्यावी लागते. कॅनडाचा दावा (प्रश्न ८) याच करारावर उभा होता.

म्हणजे कायद्याने दार बंद केलेलं नाही, पण आत शिरणाऱ्याच्या हातात कोरं बिल ठेवलं आहे. कुठला अर्थमंत्री त्यावर सही करेल?

१५. मग खोल समुद्र, अंटार्क्टिका, ज्वालामुखी?

समुद्रात टाकायला आंतरराष्ट्रीय बंदी आहे. जहाल कचऱ्यावर १९७२च्या लंडन करारापासून, पुढे १९९३मध्ये सगळ्याच किरणोत्सारी कचऱ्यावर. अंटार्क्टिकावर १९५९च्या करारानेच मनाई आहे. ज्वालामुखीत टाकलं तर लाव्हा त्याचा नाश करत नाही: लाव्हाचं तापमान १,२०० अंशांच्या आसपास, युरेनियम ऑक्साइड वितळतं २,८०० अंशांच्या वर, आणि किरणोत्सर्ग तर तापवून कमी होतच नाही. उलट ज्वालामुखी आत टाकलेलं बाहेर फेकण्यासाठीच प्रसिद्ध आहे.

१६. जमिनीखाली पुरणं सुरक्षित कशावरून?

शंभर टक्के कोणीच म्हणणार नाही. पण तिथे काय घडू शकतं ते मोजता येतं, आणि घडलंच तर ते हळू घडतं.

फिनलंडमध्ये ओल्किलुओतो इथे ओन्कालो हे भांडार कठीण खडकात चारशे मीटरहून खोल खोदलं आहे. इंधन तांब्याच्या जाड कुप्यांत, कुपीभोवती बेंटोनाइट माती. पाणी लागलं की ही माती फुगते आणि फट बुजवते. २०२४मध्ये खऱ्या इंधनाविना तिथली चाचणी सुरू झाली. निसर्गाचाही एक दाखला आहे. आफ्रिकेत गॅबनमधल्या ओक्लो इथे सुमारे दोन अब्ज वर्षांपूर्वी युरेनियमच्या खनिजातच आपोआप अणुभट्टी पेटली होती. १९७२मध्ये ते उघडकीला आलं. तिथे तयार झालेलं प्लुटोनियम कुठल्याही कुपीविना जवळपास जागच्या जागीच राहिलं होतं.

चुका इथेही होतात. अमेरिकेत न्यू मेक्सिकोमधलं मिठाच्या थरातलं भांडार १९९९पासून लष्करी कचरा घेतं. फेब्रुवारी २०१४मध्ये तिथलं एक पिंप फुटलं. कारण? ओलावा शोषून घ्यायला, पाळीव मांजरांच्या शौचपेटीत घालतात तसलं जे द्रव्य कचऱ्यात मिसळतात, ते मातीचं वापरायच्या ऐवजी गव्हापासून केलेलं वापरलं गेलं, आणि रासायनिक क्रियेने पिंप तापलं. भांडार जवळपास तीन वर्षं बंद राहिलं. पण फुटलं ते साडेसहाशे मीटर खाली, आणि बाहेर आलेला अंश अगदी अल्प होता. तेच पिंप शंभर किलोमीटर वर फुटलं असतं तर?

१७. तारापूरचा कचरा सध्या कुठे जातो?

भारत वापरलेल्या इंधनाला कचरा मानत नाही, कच्चा माल मानतो. मुंबईतल्या तुर्भ्याला (ट्रॉम्बे) १९६४पासून पुनर्प्रक्रिया होते. पुढे तारापूर आणि कल्पाक्कमलाही कारखाने आले. युरेनियम-प्लुटोनियम काढून घेतल्यावर उरलेला जहाल द्रव बोरोसिलिकेट काचेत वितळवून पोलादी डब्यांत ओततात. प्रयोगशाळेतल्या चंचुपात्राची काच याच जातीची. हे डबे खूप तापलेले असतात, म्हणून तारापूरला ते हवेच्या प्रवाहाने थंड राहणाऱ्या भूमिगत कोठारात ठेवतात, दशकानुदशकं.

त्या द्रवातून कामाचंही काढतात. रक्तपेढ्यांत रक्तावर किरणप्रक्रिया करायला लागणाऱ्या सीझियमच्या काचकांड्या आणि डोळ्याच्या कर्करोगावर वापरायच्या रुथेनियमच्या चकत्या भाभा अणुसंशोधन केंद्राने याच कचऱ्यातून बनवल्या. वर फेकला असता तर हे हाती लागलं नसतं.

भारतात खोल भूगर्भातलं कायमचं भांडार मात्र अजून नाही. त्यावर जाहीर चर्चा व्हायला हवी तेवढी होत नाही, ही तारापूर-जैतापूरच्या लोकांची तक्रार मला योग्य वाटते. रॉकेटच्या स्वप्नांत ती विरून जाऊ नये.

१८. दहा हजार वर्षांनी कोणी नकळत खोदलं तर? अवकाशात निदान ती भीती नाही.

खरं आहे, आणि अवकाशाच्या बाजूचा हाही एक चांगला युक्तिवाद आहे. म्हणूनच भांडारं सोनं, तेल, पाणी असं काही मिळायची शक्यता नसलेल्या खडकांत शोधतात. चारशे मीटर खोल खोदू शकणाऱ्या समाजाला किरणोत्सर्ग मोजता येत असेल, असं मानायला जागा आहे; खात्री देता येत नाही. माझ्यापुरता तोल असा: एक धोका हजारो वर्षांनंतरचा, थोड्या माणसांना, आणि कदाचितच येणारा; दुसरा याच दशकातला, कोणालाही, आणि आकडेवारीने जवळजवळ ठरलेला (प्रश्न ७).

१९. अवकाशात आधीपासूनच अणुकचरा आहे, हे खरं का?

खरं आहे. सोव्हिएत संघाने कॉसमॉस-९५४च्या जातीचे अनेक उपग्रह पाठवले. काम संपलं की भट्टीचा गाभा वर ढकलून साधारण ९००-१,००० किलोमीटरच्या कक्षेत ‘पुरून’ टाकायचा, अशी पद्धत होती. असे तीसेक गाभे आजही वर फिरताहेत. काहींमधून थंड ठेवायला वापरलेल्या सोडियम-पोटॅशियमचे थेंब गळून त्यांचाच नवा कचरा झाला. अमेरिकेने १९६५मध्ये पाठवलेली स्नॅप-१०ए ही भट्टी ४३ दिवस चालली. तीही १,३०० किलोमीटरच्या आसपास अजून आहे. खाली यायला या सगळ्यांना शेकडो ते हजारो वर्षं लागतील, तोवर त्यांची जहालता बरीच ओसरलेली असेल. अर्थात, मध्ये कशाशी टक्कर झाली नाही तर.

२०. उद्या चंद्रावर अणुभट्टी बसवली तर तिचा कचरा परत आणणार का?

नाही, आणि आणूही नये. तिथे तयार झालेला कचरा तिथेच ठेवणं शहाणपणाचं. पाठवतानाचं गणितही वेगळं आहे: न पेटलेल्या भट्टीतलं युरेनियम प्रश्न १ मधल्या कोऱ्या जुडग्यासारखं, सौम्य असतं. उड्डाण फसलं तर नुकसान होईल, पण वापरलेल्या इंधनासारखी आपत्ती येणार नाही. जहालपणा येतो भट्टी चालल्यावर. म्हणून संयुक्त राष्ट्रांनी १९९२मध्ये स्वीकारलेल्या तत्त्वांत एक अट स्पष्ट आहे: नियोजित कक्षेत किंवा मार्गावर पोचेपर्यंत अवकाशातली अणुभट्टी सुरू करायची नाही.